हालचाल

चऱ्होलीतल्या आमच्या ओसरीवर मुलाने कॅमेरा बसवला, तेव्हा मला वाटले, घराला डोळा आला! पण हा डोळा मोठा चमत्कारिक. तो नुसती तुलना करतो. आताचे चित्र मघाच्या चित्राशी ताडायचे. ठरावीक मर्यादेपेक्षा अधिक ठिपके बदलले की मुलाच्या फोनवर वर्दी द्यायची. मग ते ठिपके चोराचे असोत, की इंद्रायणीवरच्या वाऱ्याने डोलणाऱ्या जास्वंदीचे! रात्री तर भिंगापुढे जाळे विणणारा कोळी कॅमेऱ्याच्या अवरक्त उजेडात राक्षसाएवढा दिसतो. माणसाचा आकार ओळखणारे कॅमेरे हल्ली निघाले आहेत. आमचा तेवढा शिकलेला नाही. (मी तरी मॅट्रिकपुढे कुठे गेलो!)

गेल्या श्रावणात पहाटे आई ओसरीवर घसरून पडली. त्या रात्री कोळ्याच्या एकवीस चित्रफिती साठल्या होत्या. आईची एकच, पडतानाची. पुढे पाऊण तास ती निपचित होती, आणि कॅमेऱ्याच्या लेखी ओसरीवर काहीच घडत नव्हते. मुलाने कोळ्याला कंटाळून फोन मुका करून ठेवला होता.

वर्गात मॉनिटर फळ्यावर चुळबुळणाऱ्यांची नावे लिहितो. तापाने बाकावर डोके टेकलेल्या पोराचे नाव मी कधी त्यात शोधले नव्हते.

आई आता बरी आहे. ओसरीवर बसली की मधूनच कॅमेऱ्याकडे बघून हात हलवते. म्हणते, “कळू दे रे त्याला, मी आहे म्हणून!”