ज्युनिअर संपल्यावर

'हौशी' हा शब्द आपण दोन तऱ्हांनी वापरतो. 'हौशी कलाकार' म्हणताना त्यात कौतुक असतं. 'हौस म्हणून ठीक आहे' म्हणताना मात्र त्याच माणसाला आपण मागच्या बाकावर बसवतो. बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आल्यापासून हे दुसरं वाक्य माझ्या कानावर जरा जास्तच पडतंय. कविता लिहितेस, छान, पण नोकरी लागल्यावर काय? मावशी विचारते, पॅरिशमधल्या आंटी विचारतात, आणि रात्री दिवा मालवल्यावर मीही विचारते.

याचा विचार करताना मी जिथे जाऊन पोचले ते ठिकाण तुम्हाला विचित्र वाटेल : कॅनडातली बर्फावरची हॉकी.

माझा मावसभाऊ तिथे एका गोदामात काम करतो. त्याच्या शिफ्टमधले दोघे काम संपवून रात्री रिंकवर खेळायला जातात. "ते सीनियर खेळतात," असं तो फोनवर म्हणाला, आणि मी त्या शब्दाच्या मागे लागले. सीनियर म्हणजे म्हातारे नव्हेत. तिथे ज्युनिअर हॉकीचं वय विशीच्या आसपास संपतं. पुढे अगदी थोड्यांना व्यावसायिक हॉकीत जागा मिळते, बाकीचे पोटापाण्याला लागतात. या बाकीच्यांसाठी होत्या सीनियर हौशी लीग. दिवसभर खाणीत, कारखान्यात, दुकानात काम करायचं आणि संध्याकाळी गावाच्या नावाची जर्सी घालून शेजारच्या गावाशी भिडायचं.

लॉर्ड स्टॅन्ली यांनी १८९२मध्ये दिलेला प्रसिद्ध चषक मुळात हौशी संघांसाठीच होता. पैसे घेऊन खेळणारे संघ तो जिंकू लागले, तेव्हा १९०८मध्ये माँट्रियलच्या माँटेग्यू ॲलन यांनी हौशी सीनियर संघांसाठी वेगळा चषक दिला. ठिकठिकाणच्या लीगचे विजेते एकमेकांना हरवत या ॲलन चषकापर्यंत पोचायचे. आणि मला सगळ्यात नवल वाटलं ते याचं : कित्येक वर्षं कॅनडा ऑलिम्पिकला किंवा जागतिक स्पर्धेला देशभरातून निवडलेला संघ पाठवतच नसे. असाच एखादा गावचा क्लब देशाच्या नावाने जायचा.

१९२०मध्ये अँटवर्प ऑलिम्पिकमध्ये ही हॉकी पहिल्यांदा खेळली गेली. सुवर्णपदक जिंकलं विनिपेग फाल्कन्सनी. हा संघ जवळजवळ सगळा आइसलँडहून आलेल्या कुटुंबांतल्या मुलांचा होता. पहिल्या महायुद्धात त्यांचे दोन सहकारी मारले गेले होते. परत आल्यावर शहरातल्या मुख्य लीगने त्यांना घेतलं नाही. मग त्यांनी सेल्कर्क आणि ब्रँडनच्या संघांबरोबर आपली वेगळी लीग उभी केली, आणि तिथून ॲलन चषक जिंकून थेट ऑलिम्पिक गाठलं.

ब्रिटिश कोलंबियाच्या डोंगरांत ट्रेल नावाचं गाव आहे. शिसं आणि जस्त वितळवण्याचा मोठा कारखाना, हीच गावाची ओळख. संघाचं नावही तसंच, स्मोक ईटर्स, म्हणजे धूर खाणारे. या गावाने १९३९ आणि १९६१ अशी दोनदा जागतिक स्पर्धा जिंकली. १९६१मध्ये जिनिव्हात त्यांनी सोव्हिएत संघाला ५-१ असं हरवलं. ट्रेलच्या कारखान्याला खनिज पुरवणाऱ्या किंबर्लीच्या खाणगावानेही १९३७मध्ये हीच स्पर्धा जिंकली होती. एका कारखान्याचं गाव आणि एका खाणीचं गाव, मिळून तीन जगज्जेतेपदं!

मग हे संपलं कसं? १९५२पासून शनिवारी रात्री एनएचएल या व्यावसायिक लीगचे सामने कॅनडाच्या टीव्हीवर दिसू लागले. घरी उबेत बसून सर्वोत्तम खेळाडू दिसत असताना गावच्या गार रिंकवर तिकीट काढून कोण जाणार? शिवाय सोव्हिएत खेळाडू नावाला हौशी होते, सराव मात्र वर्षभर करायचे. १९५४मध्ये पहिल्याच खेपेला त्यांनी कॅनडाच्या क्लबला ७-२ असं हरवलं होतं.

१९६४च्या इन्सब्रुक ऑलिम्पिकला क्लबऐवजी विद्यार्थ्यांचा संघ गेला. तो उभा केला होता फादर डेव्हिड बाउअर या कॅथलिक धर्मगुरूंनी. हॉकीसाठी मुलांनी शिक्षण सोडू नये, हा त्यांचा आग्रह. स्वीडनविरुद्धच्या सामन्यात एका खेळाडूची तुटलेली स्टिक लागून त्यांच्या कपाळातून रक्त आलं. चिडलेल्या आपल्या पोरांना त्यांनी बाकावरच थोपवून धरलं. संघ चौथा आला. फादर मला फार आवडले. तरी एक गोष्ट टोचत राहते. विद्यार्थ्यांना जागा मिळाली, पण ट्रेलच्या कामगाराची जागा गेली. १९६१नंतर कॅनडाला पुन्हा जगज्जेता व्हायला १९९४ उजाडलं, आणि तेव्हा संघ व्यावसायिक खेळाडूंचा होता.

ॲलन चषक अजून आहे, गोदामातले ते दोघेही अजून खेळतात. पण या इतिहासातून मला एक समजलं. हौस एकट्याच्या जिवावर टिकत नाही. तिला ठरलेली तारीख लागते, रिंक साफ करणारा लागतो, शिट्टी वाजवणारा लागतो, आणि 'बघू कोण जिंकतं' म्हणणारं शेजारचं गाव लागतं. आपल्याकडे कडोली, येळ्ळूर, उचगावची साहित्य संमेलनं गावकरीच भरवतात, ती याच बळावर. आपलं हे वाङ्मय मंडळ म्हणजे आपली ज्युनिअर लीग. इथे सर आहेत, मॅडम आहेत, नोटीस बोर्ड आहे. जूनमध्ये आमचं वय संपेल.

म्हणून आमच्या वर्गातल्या सहा जणांनी ठरवलंय. दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी, मिस्सानंतर अकरा वाजता, नोकरी कुठेही असो, फोनवरून का होईना, एकत्र बसायचं. प्रत्येकाने नवीन लिहिलेलं एक पान वाचायचं. दांडी मारली तर पुढच्या वेळी दोन पानं. समोर दुसरा संघ हवाच, म्हणून मागच्या बॅचलाही कळवलंय. त्यांच्यातल्या तिघांनी होकार दिलाय, एक बँकेत आहे, एक मेडिकल दुकानात आणि एक घरी बाळ सांभाळतेय. पहिला सामना जुलैत.