हिरव्या तुतारीची दोन गावं

नाशिकहून निफाडच्या वाटेनं चाळीसेक किलोमीटर गेलं, की गोदावरी आणि कादवा यांच्या संगमावर नांदूर मध्यमेश्वरचं धरण लागतं. इंग्रजांच्या काळात ते शेतीच्या पाण्यासाठी बांधलं. पुढे नद्यांनी आणलेला गाळ साठत गेला, उथळ पाण्यात गवताची बेटं तयार झाली आणि पाखरांना आयतंच घर मिळालं! १९८६ मध्ये इथं अभयारण्य झालं. २०२० मध्ये ते महाराष्ट्रातलं पहिलं रामसर स्थळ, म्हणजे साऱ्या जगाच्या दृष्टीनं महत्त्वाची पाणथळ जागा ठरलं.

आमच्या शाळेची सहल तिथं गेली होती. चापडगावच्या मनोऱ्यावरून गावातल्याच एका गाइडदादानं मुलांना दुर्बिणीतून थापट्या, तलवार बदक दाखवलं. मग काठच्या चिखलात शेपटी हलवत किडे टिपणारा एक छोटा पक्षी दाखवला. पाठ गडद, पोट पांढरंशुभ्र. ही हिरवी तुतारी! पोळ्याच्या सुमारासच ती आपल्याकडे येऊ लागते.

“बाई, ही इथं अंडी का नाही घालत?” एकानं विचारलं.

कारण तिचं माहेर फार दूर आहे. नॉर्वेपासून थेट सैबेरियापर्यंत स्प्रूस, पाईन, लार्च यांचं अफाट जंगल पसरलंय. भूगोलात त्याला तैगा म्हणतात. तिथल्या उन्हाळ्यात दिवस खूप मोठा आणि किडे भरपूर. गंमत म्हणजे, तुतारी स्वतः घरटं बांधतच नाही. कस्तुर पक्ष्यानं झाडावर सोडून दिलेल्या घरट्यात ती अंडी घालते. पिल्लं बाहेर आली, की थोड्याच वेळात धपाधप खाली उड्या मारतात! थंडीत तिथलं पाणी गोठतं, म्हणून ती आपल्याकडे येते.

त्या जंगलात माणसंही राहतात. सैबेरियातले एवेंकी लोक रेनडिअर पाळतात. हिवाळ्यात रेनडिअर बर्फ उकरून दगडफूल खातात. आपण मसाल्यात घालतो ना, त्याचेच हे भाऊबंद. ते अगदी सावकाश वाढतं. जुनं जंगल तोडलं किंवा वणव्यात जळलं, तर ते पुन्हा यायला कित्येक वर्षं लागतात. मग रेनडिअरनं खायचं काय? आणि तुतारीनं अंडी कुठं घालायची?

तैगा राखणं तिथल्या लोकांच्या हाती. पण तुतारीचं दुसरं गाव राखणं आपल्या हाती आहे. नाशिकच्या घाटावर गोदावरीत टाकलेलं निर्माल्य, प्लास्टिकची पिशवी, सांडपाणी सगळं वाहत खाली याच जलाशयाकडे जातं. पाणी बिघडलं, तर काठच्या गावांचं नुकसान होतं आणि पाखरांचंही. तिकडचं जंगल शाबूत राहिलं, पण इथला चिखल किड्यांवाचून ओसाड पडला, तरी तुतारीला एकच गाव उरेल. आणि एका गावावर तिचं भागत नाही.

तेव्हा घरी सांगाल ना, पिशवी नदीत टाकू नका म्हणून?