कामाता ते मित्सुइशी : एका लफड्याचा रूट

टोकियोला गेलात तर शिबुयाचं ते फेमस क्रॉसिंग बघाच, पण एक सकाळ कामातासाठी राखून ठेवा. शहराच्या दक्षिणेचं साधंसुधं स्टेशन. इथून लोकल पकडली की वीसेक मिनिटांत टोकियो स्टेशन. बाहेर पडलं की मारुनोउची, म्हणजे नुसती ऑफिसंच ऑफिसं.

यासुजिरो ओझूच्या 'अर्ली स्प्रिंग' (१९५६) या सिनेमातला शोजी रोज हाच प्रवास करतो. भट्टीच्या विटा बनवणाऱ्या कंपनीत नोकरी, घरी बायको मासाको, आणि मूल गमावल्यापासून दोघांच्यात साचलेली शांतता. त्याच लोकलच्या ग्रुपमध्ये चियो आहे. मोठ्या डोळ्यांमुळे सगळे तिला 'गोल्डफिश' म्हणतात. रविवारी ग्रुप एनोशिमाच्या किनाऱ्याकडे हायकिंगला जातो. बाकीचे चालतात, हे दोघं ट्रकमधून लिफ्ट घेतात. बस्स, तिथून गाडी रुळावरून घसरते.

एनोशिमाला आज टुरिस्टांची झुंबड असते. समुद्र मस्त, गर्दी बेक्कार. पण मला त्या किनाऱ्यावर राहून राहून वाटलं, की ओझूनं यात व्हिलन कुणालाच केलेलं नाही. लफडं प्रेमातून कमी आणि कंटाळ्यातून जास्त होतं. ओरडाआरडा नाही, ताटं फेकणं नाही. मासाकोला लिपस्टिकचा डाग सापडतो आणि ती घर सोडते. तेवढ्यात शोजीची बदली होते, थेट ओकायामा जिल्ह्यातल्या मित्सुइशीला. तो एकटाच जातो.

मीही गेलो. शिंकान्सेननं ओकायामा गाठायला सव्वातीन तासांच्या आसपास लागतात, पुढे सान्यो लाइनची लोकल. मित्सुइशी हे डोंगरात वसलेलं विटांचं गाव. विटांच्या कारखान्यांची उंच धुराडी, रेल्वेखालून जाणाऱ्या लाल विटांच्या कमानी आणि भरपूर शांतता. मॉल नाही, कॉफी शॉपची चेन नाही. वीकेंडला काय करायचं, हा प्रश्न इथे खरोखरच पडतो.

सिनेमाच्या शेवटी मासाको इथे येते. माफीचं मोठं भाषण नाही की मिठी नाही. दोघं खिडकीशी उभे राहून टोकियोकडे जाणारी गाडी बघतात. त्या काळी हा रात्रभराचा प्रवास होता. आता बुलेट ट्रेननं तो अर्ध्या दिवसात आटोपतो.

मित्सुइशीच्या फलाटावर मला प्रश्न पडला, तो हाच. रोजची लोकल, तेच ऑफिस, तोच ग्रुप सुटला म्हणून हे लग्न वाचलं का? की पळून जायला दुसरी जागाच उरली नाही, म्हणून दोघांना एकमेकांकडे बघावं लागलं?

जोडीनं जात असाल तर सिनेमा आधी बघून घ्या. परतीच्या गाडीत बोलायला विषय मिळेल. आणि कुणी गप्प बसलंच, तर त्या गप्प बसण्याकडेही जरा लक्ष द्या.