काळी चारची सोप्रानो

परभणीतल्या एखाद्या गाण्याच्या क्लासात मुलगी पेटीसमोर बसली की तिचा सा बहुतेक वेळा काळी चारचा नाहीतर काळी पाचचा असतो. पेटी नीट सुरात असेल तर काळी चारच्या तार षड्जाची कंपनसंख्या सेकंदाला ४१५ च्या आसपास भरते. युरोपात बरोक संगीत जुन्या पद्धतीनं वाजवणारे वाद्यवृंद आज ज्या स्वराला वाद्यं लावतात, तो स्वर हाच. मॉन्टेव्हर्दीपासून बाख-हँडेलपर्यंतचं, साधारण १६०० ते १७५० या काळातलं हे संगीत. एरवीचे वाद्यवृंद ४४० ला वाद्यं मिळवतात. बरोकवाले अर्धा स्वर उतरून ४१५ वर येतात. गंगाखेडच्या मुलीचा तार सा आणि लंडनच्या व्हायोलिनचा आधारस्वर एकाच जागी यावेत, हा योगायोग आहे. पण एकदा कानात शिरला की हँडेलचं गाणं पुन्हा परकं वाटणं कठीण.

पुढचा प्रवास मात्र वेगळा. आपली गायिका मध्य सप्तकात स्थिरावते, तार मध्यम-पंचमापर्यंत जाऊन परत येते. सोप्रानोचं, म्हणजे पाश्चात्त्य गाण्यात सगळ्यात उंच पट्टीत गाणाऱ्या गायिकेचं, काम तिथून पुढे रंगात येतं. काळी चारचा अतितार षड्ज तिच्या रोजच्या वाटेवरचा. गरज पडली तर त्याच्याही वर जायचं, आणि तेही माइकशिवाय, शेवटच्या रांगेतल्या माणसापर्यंत आवाज पोचवत. छातीतून येणारा भरदार, मोकळा आवाज ही आपल्याकडची कमाई. सोप्रानो डोक्यात घुमणारा आवाज घडवते. त्याला वर्षं लागतात, समोर बसून कान देणारा गुरू लागतो, साथीला पियानोवाला लागतो. इटालियन, जर्मन, फ्रेंच, लॅटिन या भाषांचे उच्चार घोटावे लागतात. आवाज पुरता पिकेपर्यंत पंचविशी उलटते, आणि तोवर घर कोण चालवणार हा प्रश्न मुंबईतही असतो आणि मिलानमध्येही.

मुंबईत १९६० साली गोवेकर कुटुंबात जन्मलेल्या पॅट्रिशिया रोझारिओ यांनी हा सगळा रस्ता पायाखाली घातला. त्या लंडनला गिल्डहॉल स्कूलमध्ये शिकायला गेल्या, तिथलं सुवर्णपदक मिळवलं आणि पुढे तिकडेच राहिल्या. जॉन टॅव्हनर या इंग्लिश संगीतकारानं त्यांचा आवाज ऐकला आणि मग तो त्या आवाजासाठीच लिहीत सुटला. तीसहून जास्त रचना त्यानं एकट्या रोझारिओंसाठी केल्या. १९९२ मध्ये ऑल्डबरा महोत्सवात त्याचा ‘मेरी ऑफ इजिप्त’ हा ऑपेरा पहिल्यांदा झाला, तेव्हा मेरी त्याच होत्या. एस्टोनियाच्या आर्वो पेर्तनंही त्यांच्या गळ्यासाठी लिहिलं. २००१ मध्ये ब्रिटिश सरकारनं त्यांना ओबीई किताब दिला. एखाद्या हयात संगीतकाराला आपल्याच आवाजाचं वेड लागावं, हे भाग्य फार थोड्या गायिकांच्या वाट्याला येतं.

रोझारिओंना निव्वळ बरोकच्या गायिका म्हणता येणार नाही. त्यांचा पल्ला थेट आपल्या काळापर्यंत येतो. तरी बरोकची आपल्याकडची गोष्ट सांगायची तर त्यांच्याच गोव्यात जावं लागतं, कारण हे संगीत तिथं जुनं होऊन आलं नाही, ताजं असतानाच आलं. सोळाव्या शतकाच्या मध्यापासून चर्चशेजारच्या शाळांमधून गोव्यातल्या मुलांना अक्षरांबरोबर स्वरलेखन, व्हायोलिन आणि समूहगायन शिकवलं जात होतं. १६६३ साली एका इटालियन कार्मेलाइट पाद्रीनं गोव्यात संत इग्नेशियसच्या सणाचं गाणं ऐकलं. सात गायकवृंद, जोडीला वाद्यं. आपण रोममध्येच आहोत असं त्याला वाटलं. चौकशी केली तेव्हा कळलं की रचना कारिस्सिमी या इटालियन संगीतकाराची आहे. गाणारे स्थानिक होते, आणि त्यांची तयारी पाहून तो थक्क झाला. कारिस्सिमी तेव्हा रोममध्ये हयात होता! शिवाजी महाराजांनी लाल महालात शाहिस्तेखानावर छापा घातला, ते हेच वर्ष. पुण्यात ते घडत असताना मांडवीच्या काठी त्या काळातलं नव्यातलं नवं युरोपीय संगीत कोकणी गळे गात होते. मराठी वाचकाला ही गोष्ट शाळेत कुणी सांगत नाही, ती सांगायला हवी.

या संगीतात आपल्या कानाला ओळखीचं वाटावं असं नेमकं काय आहे, ते एका गाण्यातून दिसतं. हँडेलचा ‘रिनाल्दो’ हा ऑपेरा २४ फेब्रुवारी १७११ रोजी लंडनला रंगमंचावर आला. त्यात कैदेत पडलेली अल्मिरेना आपल्या नशिबावर रडू द्या म्हणते. लय संथ, तीन मात्रांची. पहिल्या दोन-तीन शब्दांनंतर एक श्वासभर शांतता, पुन्हा दोन शब्द, पुन्हा शांतता. हुंदका आवरणाऱ्या माणसाचं बोलणं असंच तुटत तुटत येतं. पहिला भाग सरळ, साधा गायचा. मग मधला छोटा भाग येतो, सूर थोडा अंधारतो. त्यानंतर पहिला भाग पुन्हा, आणि इथं गायिकेची परीक्षा. कागदावर पुनरावृत्तीची फक्त खूण असते, पण ती तसंच्या तसं गायली तर रसिक नाराज होतो. तिनं आता मींड घ्यावी, एखादी मुरकी, एखादी छोटी तान, शेवटच्या मुक्कामाआधी जराशी मोकळी फिरत, असं अपेक्षित असतं. किती आणि कुठे, ते ती ठरवते. जास्त झालं की अल्मिरेना नाहीशी होते आणि नुसता गळा उरतो. अस्ताई भरताना ख्यालगायक ज्या विवेकानं चालतो, तोच हा विवेक.

साथीचंही तसंच. हार्पसिकॉर्ड हे पियानोसारखं जुनं वाद्य वाजवणाऱ्यासमोर बहुधा फक्त खालच्या पट्टीची सुरावट आणि तिच्यावर काही आकडे लिहिलेले असतात. उजव्या हातानं काय भरायचं, ते त्यानं गायिकेचा श्वास बघत जागेवर ठरवायचं. पेटीवाल्या बुवांना हे वेगळं समजावून सांगावं लागणार नाही. आणि ‘मसाया’सारख्या हँडेलच्या ओरेटोरिओत, जो १७४२ मध्ये डब्लिनला पहिल्यांदा झाला, गायिका देवाची कथा बोलल्यासारखी गात पुढे नेते, मधेच थांबून एखादं पूर्ण गाणं म्हणते आणि मग सगळा समुदाय उचलून धरतो. जनाबाईच्या गंगाखेडला कीर्तनाला बसणाऱ्या माणसाला ही बैठक परकी वाटण्याचं कारण नाही.

या गायिकांची कारकीर्द तेव्हाही सोपी नव्हती. रोममध्ये तर बाईला रंगमंचावर उभं राहायलाच बंदी. तिच्या जागी लहानपणी खच्ची केलेले पुरुष नायिकेची गाणी गात. त्या क्रूर प्रथेतला अखेरच्यांपैकी एक गायक, आलेस्सांद्रो मोरेस्की, १९०२ आणि १९०४ मध्ये ध्वनिमुद्रित झाला. त्याच्या पुढच्याच वर्षी, १९०५ मध्ये, नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजे बालगंधर्व, किर्लोस्कर नाटक मंडळीत दाखल झाले. बालगंधर्वांचा स्त्रीवेश हा निसर्गदत्त आवाजाचा आणि अभ्यासाचा विलास होता, त्याची तुलना त्या शस्त्रक्रियेशी होऊच शकत नाही. पण बाईला बाजूला ठेवून बाईचं गाणं ऐकण्याची सवय दोन्हीकडे होती, हे मान्य करायला हवं. आपल्याकडे ती सवय मोडायला हिराबाई बडोदेकरांसारख्या गायिकांना पुढे यावं लागलं.

लंडनमध्ये मात्र हँडेलनं नायिकांची गाणी बायकांसाठीच लिहिली. १७२३ च्या जानेवारीत फ्रान्चेस्का कुझ्झोनी ‘ओत्तोने’ ऑपेरात उभी राहिली आणि शहर तिच्या मागे लागलं. पुढे फाउस्तिना बोर्दोनी आली, रसिकांत तट पडले, आणि जून १७२७ मध्ये एका प्रयोगात दोन्ही बाजूंनी इतक्या शिट्ट्या आणि आरडाओरडा झाला की तो प्रयोगच कोलमडला. कुझ्झोनीची अखेर बोलोन्यात गरिबीत झाली. बटणं करून ती पोट भरत होती असं सांगतात. आपल्या संगीत रंगभूमीवरच्या कितीतरी कलावंतांची म्हातारपणं आठवली की या गोष्टीचं नवल वाटत नाही, वाईट मात्र तितकंच वाटतं.

मग शे-दोनशे वर्षं हे ऑपेरे जवळजवळ विसरले गेले. आवाज मोठे झाले, वाद्यवृंद मोठे झाले, थिएटरं मोठी झाली. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जुनी वाद्यं, जुने सूर, जुनी हस्तलिखितं पुन्हा धुंडाळली जाऊ लागली तेव्हा त्यांना साजेसा गळा हवा होता. तो मिळाला एमा कर्कबी या बाईंच्या रूपानं. १९४९ सालचा जन्म, ऑक्सफर्डला ग्रीक-लॅटिनचा अभ्यास, मग शाळेत शिक्षिका. गाण्यावर पोट भरायचं असं त्यांच्या मनातही नव्हतं. आवाज छोटा, सरळ, झऱ्याच्या पाण्यासारखा निवळ. सुरावर उगाच थरथर नाही, शब्द मात्र लख्ख. क्रिस्टोफर हॉगवुड यांनी जुन्या वाद्यांवर केलेलं ‘मसाया’चं ध्वनिमुद्रण १९८० मध्ये आलं, त्यात त्या आहेत. त्यानंतर बरोकची सोप्रानो म्हटलं की जगाच्या कानात हाच आवाज आधी वाजू लागला. २००७ मध्ये त्यांना ‘डेम’ हा किताब मिळाला. मोठ्या आवाजाची भीती घालून अनेक मुलींचं गाणं बंद पाडलं जातं, त्या सगळ्यांना कर्कबींचं ध्वनिमुद्रण ऐकवावं.

इकडे मुंबईत चर्नी रोडजवळचं रॉयल ऑपेरा हाउस १९९३ मध्ये बंद पडलं होतं. १९११ मध्ये पंचम जॉर्जच्या हस्ते उद्घाटन झालेली, बरोक नक्षीनं मढलेली ही वास्तू. नाव ऑपेराचं, पण तिथं बालगंधर्व गायले, मास्टर दीनानाथ गायले, पृथ्वीराज कपूर उभे राहिले. वास्तुरचनाकार आभा नारायण लांबा यांनी तिचा कस जपत दुरुस्ती केली आणि ऑक्टोबर २०१६ मध्ये पडदा पुन्हा उघडला. त्यावेळी तिथं गायला पॅट्रिशिया रोझारिओ आल्या, पियानोवर त्यांचे पती मार्क ट्रूप. ज्या शहरातून शिकण्यासाठी बाहेर पडावं लागलं, त्याच शहराच्या ऑपेरा हाउसमध्ये त्यांचा आवाज घुमला.

त्याहून मोठं काम त्यांनी आधीच सुरू केलं होतं. २००९ पासून ‘गिव्हिंग व्हॉइस टू इंडिया’ या उपक्रमात त्या आणि ट्रूप भारतात येऊन तरुण गायकांना शिकवतात. गोवा, मुंबई अशा शहरांतली मुलंमुली त्यांच्यापुढे बसली, काही लंडनपर्यंत गेली. जुलै २०१७ मध्ये याच मुलांना घेऊन त्यांनी रॉयल ऑपेरा हाउसमध्ये चिमारोझाचा ‘इल मात्रिमोनिओ सेग्रेतो’ सादर केला. हा ऑपेरा १७९२ चा, म्हणजे बरोकनंतरचा. पण भारतात वाढलेल्या गळ्यांनी भारतातल्या ऑपेरा हाउसमध्ये एक आख्खा इटालियन ऑपेरा उभा करणं, हे त्यापूर्वी किती दुर्मीळ होतं! कर्तृत्वाच्या शिखरावर असताना दरवर्षी विमानात बसून नवशिक्यांचे श्वास दुरुस्त करायला येणं, याला मोठं मन लागतं.

हे सगळं मुंबई-गोव्यापाशी का थांबावं? रात्री देवगिरी एक्स्प्रेसला बसलेला परभणीकर सकाळी मुंबईत उतरतो. गायिकेलाही उलट दिशेनं तीच गाडी आहे. जिंतूर, सेलू, गंगाखेडच्या मुलींचे गळे आपण भजनात आणि ओव्यांत रोज ऐकतो. त्यात वरच्या सप्तकात सहज जाणारे, पण ‘आवाज फार बारीक आहे’ म्हणून मागे बसवलेले गळेही असतात. हेन्री पर्सेलचा ‘डायडो अँड ईनियस’ हा इंग्लिश बरोक ऑपेरा १६८९ च्या सुमारास चेल्सीच्या एका मुलींच्या शाळेत झाला होता. जेमतेम तासाभराचा खेळ. त्याच्या शेवटी डायडो मरताना गाते तेव्हा खालच्या पट्टीत पाच मापांची एकच सुरावट, अर्ध्या अर्ध्या स्वरानं उतरणारी, पुन्हा पुन्हा येत राहते. लेहरा धरावा तशी ती धरलेली असते आणि गायिका समेची वाट न पाहता तिच्यावरून आपलं दुःख पलीकडे नेते. लेहऱ्यावर वाढलेल्या पोरींना तो धागा पकडायला फार वेळ लागणार नाही.

म्हणून परभणीतल्या संगीत विद्यालयांना, महाविद्यालयांच्या सांस्कृतिक मंडळांना आणि गणेशोत्सवात गाण्याचा कार्यक्रम ठेवणाऱ्या मंडळांना एक विनंती. रोझारिओंच्या तालमीत तयार झालेल्या एखाद्या गायिकेला एका संध्याकाळपुरतं बोलवा. सोबत पियानो वाजवणारा एक माणूस. प्रत्यक्ष पियानो मिळाला नाही तर चांगला इलेक्ट्रॉनिक कीबोर्डही चालेल. माइक बंद ठेवा. कार्यक्रमाआधी दोन तास तिला गावातल्या मुलींबरोबर बसू द्या, त्यांच्याकडून एक ओवी ऐकू द्या आणि तिच्याकडून त्यांना अल्मिरेनाचं गाणं शिकू द्या. खर्च एका ऑर्केस्ट्राहून कमी येईल.