बायॉसच्या फाइलीची पाठशुद्धी

जुन्या गेम कन्सोलचे वर्तन आजच्या संगणकावर हुबेहूब घडवून आणणाऱ्या प्रोग्रामला एम्युलेटर म्हणतात. मात्र तो बसवणाऱ्याच्या कौशल्याची परीक्षा होते ती बायॉसच्या फाइलीपाशी. बायॉस म्हणजे यंत्र सुरू होताच सर्वांत आधी चालणारा, रॉम चिपमध्ये कारखान्यातच कायमचा उतरवलेला मूळ प्रोग्राम. निन्टेन्डोच्या एनईएस यंत्रात तो नव्हता, कारण तिथे कार्ट्रिजमधला गेमच थेट प्रोसेसरचा ताबा घेई. १९९४ साली जपानमध्ये आलेल्या सोनीच्या प्लेस्टेशनमध्ये मात्र सीडीवरून गेम सुरू करण्यापासून मेमरी कार्डावर प्रगती जपण्यापर्यंतच्या कामांत गेम बायॉसची मदत घेत.

रेट्रोआर्क या एम्युलेटर-संचातील प्लेस्टेशनचा बीटल हा घटक ‘सिस्टिम’ फोल्डरमध्ये जपान, अमेरिका आणि युरोप या प्रदेशांसाठी अनुक्रमे एससीपीएच ५५००, ५५०१ आणि ५५०२ या यंत्रांच्या बायॉस-फाइली शोधतो. लिनक्समध्ये इंग्रजी नावातले लहान अक्षर मोठे झाले तरी फाइल न सापडण्याची शक्यता असते. पण ही चूक निदान लगेच कळते. घातक असते ते दुसऱ्याच आवृत्तीच्या फाइलीला अपेक्षित नाव देऊन वेळ मारून नेणे, कारण या सर्व फाइली नेमक्या ५,२४,२८८ बाइटांच्या असल्याने आकारावरून काहीच उमगत नाही, आणि ओळखीचे सुरुवातीचे चित्र पडद्यावर उमटले की शंकाही उरत नाही. हस्तलिखिताचा पाठ जसा वेष्टनावरील नावावरून ठरवता येत नाही, तसेच हे आहे. म्हणून एमडी५ काढावा लागतो: फाइलीतील प्रत्येक बाइट हिशेबात धरून तयार होणारा हा बत्तीस अक्षरांचा ठसा एक बिट बदलला तरी पार वेगळा येतो. हा ठसा न पडताळता केलेली मांडणी अपुरीच मानली पाहिजे.

मूळ बायॉसवर सोनीचा स्वामित्वहक्क असल्याने फाइल स्वतःच्या यंत्रातून काढणे हाच सचोटीचा मार्ग ठरतो. बायॉसची कामे नव्याने लिहिलेल्या कोडने करण्याचा पर्यायही आहे. कनेक्टिक्स कंपनीने प्लेस्टेशनचा बायॉस अभ्यासून आपला एम्युलेटर रचला तेव्हा त्या अभ्यासासाठी केलेल्या प्रती अमेरिकेच्या नवव्या सर्किट न्यायालयाने २००० साली वाजवी वापर ठरवल्या. पीसीएसएक्स रीआर्म्ड हा घटक तर फाइल न मिळाल्यास अशा अंगभूत पर्यायावर आपणहून जातो. तो उपयुक्त असला तरी काही गेम त्यावर अडखळतात. म्हणून गेमला दोष देण्याआधी मूळ बायॉस खरोखर चालू आहे की नाही, हे पाहावे लागते.