कागद कुणाच्या कपाटात?

नोकरी सुटली की माणूस घरी येतो, त्याचे कागद मात्र कचेरीतच राहतात. शेवटच्या दिवशी लॅपटॉप जमा होतो, संध्याकाळपर्यंत ईमेल बंद पडतो. कामाची शाबासकी, बोनसचं आश्वासन, वरिष्ठांनी अपरात्री धाडलेले हुकूम, सगळं त्या बंद खात्यात. पुढे वाद उभा राहिला, तर पुरावा मागायचा कुणाकडे? ज्याच्याशी भांडण, त्याच्याचकडे!

पेच जुनाच आहे. वर्षात २४० दिवस भरले हे सिद्ध करायचं रोजंदारीवरच्या कामगाराने, आणि हजेरीपट मालकाच्या ताब्यात. अशा माणसाजवळ ना नेमणूकपत्र, ना पगाराची पावती, हे सर्वोच्च न्यायालयानेही २००५ साली एका निकालात मान्य केलं. तरी त्याला एक आधार होता. १९४७च्या औद्योगिक विवाद कायद्याने कामगार न्यायालयाला कागद हजर करायला लावण्याचे, दिवाणी न्यायालयाइतकेच अधिकार दिले होते. किंगफिशर एअरलाइन्सच्या वैमानिकांनी थकलेल्या पगारासाठी याच न्यायालयाचं दार ठोठावलं. करारात लवादाचं कलम आहे, तेव्हा प्रकरण तिकडे पाठवा, असं कंपनीचं म्हणणं. मुंबई उच्च न्यायालयाने २०१२ साली ते फेटाळलं; वैमानिकांचा हा आधार टिकला.

पण 'कामगार' या व्याख्येत न बसणाऱ्या व्यवस्थापकाचं काय? त्याच्या नेमणूकपत्राच्या शेवटच्या पानांवर पुष्कळदा हेच कलम असतं. माझ्या ओळखीतल्या बहुतेकांनी ते न वाचताच सही केली आहे. त्यांना दोष कसा द्यावा? लग्नाच्या मांडवात काडीमोडाच्या अटी कोण वाचत बसतो!

लवाद मुळात वाईट नाही. तारखांचा फेरा कमी, चारचौघांत बोभाटा नाही, न्यायालयीन रीतिरिवाजांचं ओझंही हलकं. अडतं ते कागदापाशी. लवाद कागद मागू शकतो. पण समोरचा ढिम्म राहिला, किंवा कागद तिसऱ्याच्याच हाती असला, तर जबरदस्ती करायला त्याच्याकडे ना बेलिफ, ना समन्स. १९९६च्या लवाद कायद्याचं २७वं कलम मग न्यायालयाकडे बोट दाखवतं. लवादाची संमती घ्या, अर्ज करा, सुनावणीची वाट पाहा. न्यायालय टाळण्यासाठी धरलेली वाट पुन्हा न्यायालयातच येऊन पोहोचते.

नोकरीतले वाद सर्रास लवादाकडे जातात त्या अमेरिकेतही हेच. तिथल्या १९२५च्या लवाद कायद्याने लवादाला कागदांसह साक्षीदार बोलावण्याचा अधिकार दिला. न जुमानणाऱ्याला वठणीवर आणायला मात्र न्यायालयच लागतं. प्रतिस्पर्धी कंपनीत गेलेल्या एका कर्मचाऱ्याच्या वादात तिथल्या अपील न्यायालयाने २००४ साली हा अधिकार आणखी आवळला: त्रयस्थाने कागद आणायचे ते लवादासमोर, प्रत्यक्ष सुनावणीतच, आधी घरबसल्या मागवता येणार नाहीत. तो निकाल लिहिणारे न्यायमूर्ती सॅम्युएल अलिटो पुढे सर्वोच्च न्यायालयात गेले.

मला खरा अन्याय दिसतो तो याच्याही अलीकडे. आपल्याकडे त्या २७व्या कलमाखालच्या अर्जाच्या सुनावणीत पहिला प्रश्न येतो, 'नेमका कोणता कागद हवा?' प्रश्न रास्तच आहे. कुणाच्याही कपाटात उगाच हात घालू देता येत नाही. तिथे इतरांचे पगार असतात, ग्राहकांची गुपितं असतात. पण बढती नाकारताना समितीने काय शेरा मारला, हे ज्याला कधी दाखवलंच नाही, त्याने त्या टिपणाची तारीख कुठून सांगावी? कागद दडवणाऱ्याविरुद्ध निष्कर्ष काढायची मुभा कायद्यात आहे. पण त्यासाठीही असा कागद होता, हे आधी पटवून द्यावं लागतं. ज्याला काहीच दाखवलेलं नाही, त्यानेच सगळं नेमकं सांगायचं!

म्हणून माझं म्हणणं एवढंच. लवादाचं कलम जो घालतो, त्यानेच कर्मचाऱ्याची सेवापुस्तिका, पगारपत्रकं आणि त्याच्याबद्दलचे मूल्यमापन-अहवाल दावा दाखल होताच, न मागता समोर ठेवायला हवेत. कायदा तसं सांगेल तेव्हा सांगेल. तोवर नेमणूकपत्र शेवटच्या पानापर्यंत वाचा. आणि कंपनीची गुपितं कंपनीला लखलाभ; पण आपल्या नावाची पत्रं, पगाराच्या पावत्या आणि शेरे यांच्या प्रती नोकरीत असतानाच घरी ठेवा.