दोन आरशांचं घड्याळ

एक घड्याळ आहे जे फक्त कागदावर चालतं. समोरासमोर दोन आरसे, मध्ये १५ सेंटीमीटर अंतर, आणि त्यांच्यात वर-खाली उड्या मारणारा प्रकाशाचा एक ठिपका. ठिपका जाऊन परत आला की एक टिक, म्हणजे साधारण एक नॅनोसेकंद. चावी नाही, सेल नाही, काटे नाहीत. आइन्स्टाइनचा १९०५चा सापेक्षता सिद्धांत शिकवताना हे 'लाइट क्लॉक' हमखास फळ्यावर येतं.

प्रकाशाचा वेग बदलत नाही, म्हणजे वेळेला खुंटीला बांधून ठेवणारं यंत्र सापडलं, असं वाटतं ना? पण हेच घड्याळ खूप वेगाने जाणाऱ्या यानात ठेवा. बाहेर उभ्या असलेल्या माणसाला तो ठिपका तिरका जाताना दिसतो. रस्ता लांबला, वेग तोच, म्हणून टिकही लांबली. वेळ स्थिर करायला निघालेलं यंत्र शेवटी सांगतं की सगळ्यांची मिळून एकच वेळ, असं काही नसतंच.

हे मला सर्व्हरवर काम करताना कळतंच, आणि घरी आजीबरोबर जास्त कळतं.

आजीला अल्झायमर आहे. दिवसा ती बरी असते. संध्याकाळी साडेपाचनंतर बिनसतं. ती दाराशी जाते, कडी चाचपते, "शाळा सुटली, पोरं अजून कशी आली नाहीत?" म्हणते. ती पोरं म्हणजे बाबा आणि आत्या, दोघंही साठीच्या आसपासचे. डॉक्टर म्हणाले, या आजारात असं संध्याकाळी वाढतं, इंग्रजीत त्याला 'सनडाउनिंग' म्हणतात. औषधं दिली, आणि म्हणाले, सकाळी उन्हात बसवत जा.

यामागे विज्ञान आहे. मेंदूत डोळ्यांच्या नसा एकमेकींना छेदतात, त्याच्या जरा वर सुमारे २० हजार पेशींचा एक पुंजका असतो. शरीराचं मुख्य घड्याळ ते. बहुतेकांचं हे घड्याळ स्वतःच्या चालीने २४ तासांपेक्षा थोडं हळू चालतं, आणि सकाळचा उजेड त्याला रोज जागेवर आणतो. अल्झायमरमध्ये हा पुंजकाही झिजत जातो. उजेडाचा उपयोग काही अभ्यासांत दिसला आहे, काहींत नाही. आम्ही तरी बसवतो. माझी शिफ्ट अमेरिकेच्या वेळेची, ती पहाटे संपते. सात वाजता ओट्यावर ती उठून आलेली असते आणि मी झोपायला निघालेला. एका घरात दोन बिघडलेली घड्याळं!

आजीशी कसं बोलायचं, ते मात्र मला कामातून सुचलं. प्रत्येक सर्व्हरचं घड्याळ थोडं थोडं सरकत राहतं, म्हणून ते एनटीपी नावाच्या पद्धतीने दुसऱ्या घड्याळांना वेळ विचारत राहतं. फरक १२८ मिलिसेकंदांच्या आत असेल तर एनटीपीचा मूळ प्रोग्राम वेळ एकदम बदलत नाही. तो घड्याळाची चाल किंचित कमी-जास्त करतो, हळूहळू जुळवून घेतो. कारण झटका दिला की त्या वेळेवर विसंबून चाललेली कामं कोसळू शकतात.

घरी आलेली माणसं आजीला झटका देतात. "अहो काकू, पोरं कसली, तुम्हाला नातवंडं झाली!" तिचा चेहरा पडतो. आजोबा गेल्याचं तिला असं आठवण करून दिलं, की तिच्यासाठी ते त्या क्षणी जातात. म्हणून मी म्हणतो, "येतील गं. तोवर चहा घेऊ. पोरांना डब्यात काय दिलं होतंस?" ती शेंगदाण्याच्या चटणीचं सांगते, मग आत्याच्या हट्टाचं, मग आत्याच्या लग्नाचं. पंधरा मिनिटांत ती बरीच वर्षं पुढे आलेली असते. कधी आजपर्यंत पोचते, कधी नाही. कधी मला बाबांच्या नावाने हाक मारते. मी ओ देतो.

आता ऑफिसने बंगळुरूला परत बोलावलं आहे. शुक्रवारपर्यंत उत्तर द्यायचंय. आई म्हणते, "तू जा, आम्ही बघतो." पण आईचे गुडघे दुखतात, आणि बाबांना संध्याकाळचा तो प्रश्न सहन होत नाही. स्वतःचीच आई तुमच्यासमोर तुमची वाट बघत असेल, तर काय बोलणार? ते उठून आत जातात.

मी मॅनेजरना दिवसाची शिफ्ट आणि अजून सहा महिने घरून काम मागितलंय. नाही म्हणाले तर काय करायचं, ते अजून ठरलेलं नाही. दरम्यान बाबांना एक गोष्ट शिकवतोय : प्रश्न आला की उत्तर द्यायचं नाही, डब्याचं विचारायचं. काल त्यांनी पहिल्यांदा विचारलं. आजी म्हणाली, "तुला रे कशाला पाहिजे? तू कोणाचा?" बाबा क्षणभर थांबले आणि म्हणाले, "मी पलीकडच्या वर्गातला." मग ती त्यांना चटणीचं सांगत बसली.